मान्यता होती, वकिलात नव्हती

भारताने इस्रायलला मान्यता दिली ती 17 सप्टेंबर 1950 रोजी, आणि दोन्ही देशांत पूर्ण राजनैतिक संबंध प्रस्थापित होत असल्याची घोषणा झाली ती 29 जानेवारी 1992 रोजी. मधल्या 41 वर्षांत दिल्लीत इस्रायलचा राजदूत नव्हता आणि इस्रायलमध्ये भारताचे साधे कार्यालयही नव्हते; जे काही होते ते आपल्या मुंबईतले इस्रायलचे वाणिज्य दूतावास, तेवढेच. या कालखंडाची चर्चा निघाली की ती नेहरू बरोबर होते की चूक, या एकाच खुंटीला अडकून पडते. माझे म्हणणे निराळे आहे. एखाद्या प्रश्नावरची भूमिका आणि त्या देशातली वकिलात या दोन स्वतंत्र गोष्टी आहेत. आपण त्या एकत्र बांधल्या आणि त्याची किंमत मोजली, असे मला मनापासून वाटते.

भूमिकेबद्दल माझी तक्रार नाही. पॅलेस्टाइनच्या प्रश्नासाठी 1947 मध्ये संयुक्त राष्ट्रांनी नेमलेल्या 11 देशांच्या विशेष समितीत भारत होता, आणि इराण व युगोस्लाव्हिया यांच्यासह त्याने फाळणीऐवजी संघराज्याची योजना मांडली होती. 29 नोव्हेंबर 1947 रोजी फाळणीचा ठराव मतास आला तेव्हा भारताने विरोधात मत दिले, आणि 1949 मध्ये इस्रायलला संयुक्त राष्ट्रांचे सदस्यत्व देण्यासही विरोध केला. ज्या देशाने तीनच महिन्यांपूर्वी स्वतःची फाळणी भोगली होती, ज्याच्या स्थानकांवर निर्वासितांच्या गाड्या अजून येत होत्या, त्याने दुसऱ्या भूमीचे तुकडे करण्याला नकार द्यावा, हे समजण्यासारखे आहे.

अडचण पुढे आहे. मान्यता दिल्यानंतर 1952 मध्ये इस्रायलच्या परराष्ट्र खात्याचे महासंचालक वॉल्टर आयतान दिल्लीत येऊन नेहरूंना भेटले, आणि वकिलातींच्या देवाणघेवाणीला नेहरूंची तत्त्वतः संमती आहे अशी समजूत घेऊन परतले. पुढे काहीच घडले नाही. काश्मीरचा प्रश्न संयुक्त राष्ट्रांत होता आणि तिथे अरब देशांची मते मोलाची होती. देशातल्या मुस्लिमांच्या भावनांचा विचार होता. त्यात 1956 मध्ये सुएझचे युद्ध झाले आणि इस्रायलने ब्रिटन-फ्रान्सच्या साथीने इजिप्तवर हल्ला केल्यावर तर विषयच मिटला. यातले एकेक कारण खरे आहे. पण ही सारी कारणे इस्रायलच्या धोरणाला विरोध करण्याची होती. त्या देशात आपला माणूस न ठेवण्याची ती कारणे कशी ठरतात, हे मला आजवर उमगलेले नाही.

मराठीत ‘वकिलात’ हा शब्द पेशवाईच्या कागदपत्रांतून आपल्यापर्यंत आला आहे. दिल्लीला हिंगणे होते, निजामाच्या दरबारी गोविंदराव काळे होते. निजामाशी मराठ्यांचे सख्य किती होते हे सांगायला नको, तरीही वकील तिथे असायचा, कारण शत्रूच्या मनात काय चालले आहे हे कळवणारा माणूस मित्राच्या दरबारापेक्षा तिथेच अधिक लागतो. ही समज आपल्या मातीत होती.

मुंबईतल्या कार्यालयाची गोष्ट यासाठीच मला महत्त्वाची वाटते. आधी तिथे स्थलांतराचे कामकाज पाहणारे कार्यालय होते, मग व्यापार कार्यालय झाले आणि 1953 मध्ये वाणिज्य दूतावास. राजदूत हा एका राष्ट्रप्रमुखाचा दुसऱ्या राष्ट्रप्रमुखाकडे आलेला प्रतिनिधी असतो, तो अधिकारपत्र सादर करतो आणि राजकारण बोलतो. वाणिज्य दूताला मात्र यजमान देश ठराविक प्रदेशापुरती कामाची परवानगी देतो, आणि त्याचे काम मुख्यतः व्हिसा, पारपत्रे, दाखले आणि व्यापार यांचे. म्हणजे ज्या देशाशी आपले राजकीय मतभेद होते, त्याच्याशी राजकारण सोडून बाकी सारे बोलण्याची सोय आपण ठेवली होती, आणि तीही एकाच बाजूने.

ती एक बाजू म्हणजे काय, हे मला आमच्या घरातल्या एका पत्रामुळे कळले. आजीच्या शेजारी बेने इस्रायली, म्हणजे कोकणातल्या मराठीभाषक ज्यू समाजातले, कुटुंब राहत असे. कोकणात ज्यांना शनिवार तेली म्हणत, ज्यांची आडनावे किहीमकर, पेणकर, दिवेकर अशी गावांवरून पडली, त्या समाजातले. साठच्या दशकात ते इस्रायलमधल्या दिमोना या गावी गेले. तिथून 1968 मध्ये आलेले निळे एरोग्राम आजीच्या पोथ्यांत सापडले. वर हिब्रू छापील मजकूर, आत बारीक देवनागरी अक्षर, आणि जागा संपल्यामुळे शेवटच्या दोन ओळी समासात उभ्या लिहिलेल्या. वाळवंटात आषाढ कळतच नाही, असे त्या बाईंनी लिहिले आहे. मग मुलाच्या जन्माच्या दाखल्याची नक्कल काढून पाठवण्याची विनंती आहे, आणि समासात : ‘इथे आपले कार्यालय नाही, विचारायचे कुणाला?’ देश सोडून गेल्यावरही त्यांनी ‘आपले’ लिहिले. हजारो मराठीभाषक माणसे ज्या देशात जाऊन राहिली, तिथे त्यांच्या जुन्या देशाची एक खिडकीसुद्धा नव्हती.

दारे बंद होती म्हणून व्यवहार थांबला असे मात्र नाही. 1962 मध्ये चीनच्या आक्रमणाच्या वेळी नेहरूंनी इस्रायलचे पंतप्रधान बेन गुरियन यांच्याशी पत्रव्यवहार केला आणि इस्रायलकडून शस्त्रे आली. 1971 च्या युद्धाच्या वेळीही उखळी तोफा आणि दारूगोळा आला. इस्रायलच्या तेव्हाच्या पंतप्रधान गोल्डा मेयर यांनी त्या बदल्यात राजनैतिक संबंधांची अपेक्षा व्यक्त केली होती, आणि इस्रायलला पुढची 20 वर्षे उत्तर मिळाले नाही. ऑगस्ट 1977 मध्ये इस्रायलचे परराष्ट्रमंत्री मोशे दायान छुप्या रीतीने भारतात येऊन पंतप्रधान मोरारजी देसाईंना भेटून गेले. डोळ्यावरच्या काळ्या पट्टीमुळे जगभर ओळखला जाणारा परराष्ट्रमंत्री आपण लपवून आणतो, पण त्याच्या देशाच्या राजदूताला उघडपणे दिल्लीत राहू देत नाही, ही स्थिती लोकशाहीला शोभणारी नव्हती. संकटात ज्याच्याकडे मदत मागायची, त्याच्याशी बोलल्याचे संसदेला आणि जनतेला उघड सांगता येऊ नये, हे मला सर्वांत जास्त खटकते.

1982 मध्ये तर मुंबईतले वाणिज्य दूत योसेफ हासीन यांनी एका मुलाखतीत भारताच्या धोरणावर टीका केली म्हणून त्यांना देश सोडावा लागला. मग बर्फ हळूहळू वितळले. 1985 मध्ये राजीव गांधी न्यूयॉर्कमध्ये इस्रायलचे पंतप्रधान शिमोन पेरेझ यांना भेटले, 1987 मध्ये डेव्हिस चषकासाठी इस्रायलचा संघ दिल्लीत खेळला.

शेवटचा टप्पा नरसिंह रावांनी कसा हाताळला, ते बारकाईने पाहण्यासारखे आहे. सोव्हिएत संघ कोसळला होता आणि ऑक्टोबर 1991 च्या माद्रिद शांतता परिषदेत अरब देश स्वतःच इस्रायलसमोर बसले होते. 24 जानेवारी 1992 रोजी चीननेही संबंध जोडले. रावांनी त्याच महिन्यात पॅलेस्टिनी नेते यासर अराफात यांचे दिल्लीत स्वागत केले, आणि त्यानंतरच परराष्ट्र सचिव जे. एन. दीक्षित यांच्या तोंडून घोषणा झाली. जुन्या मित्राला अंधारात ठेवले नाही.

पॅलेस्टाइनच्या बाबतीत भूमिका आणि वकिलात वेगळी ठेवण्याचे सूत्र आपण नीट पाळले आहे. 1988 मध्ये त्याला मान्यता दिली, 1996 मध्ये गाझात प्रतिनिधी कार्यालय उघडले आणि 2003 मध्ये ते रामल्लाला नेले. तेल अवीवमध्ये राजदूत आहे म्हणून रामल्लातले कार्यालय बंद करावे लागले नाही, आणि रामल्लात माणूस आहे म्हणून तेल अवीवमधल्याला परत बोलवावे लागले नाही. हे 1952 मध्येही जमले असते, असे मला वाटते.

ते एरोग्राम मी प्लास्टिकच्या पाकिटात ठेवले आहे. रायगड, ठाणे, मुंबईतल्या ज्या घरांत अशी पत्रे असतील त्यांनी ती रद्दीत देऊ नयेत, त्यांचे फोटो काढून ठेवावेत, आणि शक्य असेल तर त्यातला एखादा मजकूर इथे खाली लिहावा. दाखल्याची ती नक्कल अखेर दिमोनाला पोचली की नाही, हे मात्र आजीलाही आठवत नव्हते.