३२ गोल, ८३२ मॅच

कार्लिस स्क्रास्तिन्श हे नाव आपल्याकडे फारच थोड्यांनी ऐकलं असेल, आणि आईस हॉकी बघणाऱ्यांतही बऱ्याच जणांना तो आठवतो तो फक्त ७ सप्टेंबर २०११ च्या विमान अपघातामुळे. मला ही गोष्ट मनापासून खुपते. म्हणजे एक माणूस वीस वर्षं बर्फावर उभा राहून आपल्या गोलीच्या, म्हणजे गोलकीपरच्या, पुढ्यातली जागा राखत राहिला आणि लोकांच्या लक्षात राहिलं काय, तर तो कुठल्या विमानात होता! म्हणून आज त्याच्या खेळाबद्दल लिहिते. पोस्ट मोठी होणारे, आधीच सांगते.

स्क्रास्तिन्श लातवियाचा, जन्म रिगाचा, ९ जुलै १९७४. डिफेन्समन. आता ज्यांनी आईस हॉकी पाहिलेली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते, बर्फावर एका टीमचे गोलीसकट सहा जण असतात, त्यातले दोघं डिफेन्सला, वीस वीस मिनिटांचे तीन पिरियड, आणि खेळ इतका दमवणारा की प्लेअर साधारण पाऊण मिनिट जीव तोडून खेळतात आणि बेंचवर परत येतात, दुसरे जातात, असं सतत चालू. पक म्हणजे कडक रबराची जाड चकती, वजन १७० ग्रॅमच्या आसपास, आणि जोरात मारलेला शॉट ताशी दीडशे किलोमीटरच्या वर सहज जातो. स्क्रास्तिन्शचं काम काय, तर त्या शॉटच्या वाटेत स्वतःचं अंग घालायचं. दोन मिनिटं आपला एक गडी पेनल्टी बॉक्समध्ये बसलेला असताना समोरच्या पाच जणांना चौघांनी थोपवायचं, तेव्हा कोचला हाच माणूस बर्फावर लागायचा.

आपल्या कबड्डीत कसं, चढाई करणाऱ्याचं नाव मैदानभर घुमतं आणि कोपरा सांभाळणारा पोरगा सगळ्या मॅचभर दबा धरून बसलेला असतो, पण त्याने एकदा चढाईवाल्याचा पाय धरला की अख्खा डाव फिरतो. स्क्रास्तिन्श हा त्या कोपऱ्यातला खेळाडू.

एनएचएलमध्ये, म्हणजे अमेरिका-कॅनडाच्या सगळ्यात मोठ्या आईस हॉकी लीगमध्ये, त्याच्या ८३२ मॅच झाल्या. गोल किती, तर ३२. म्हणजे सरासरी २६ मॅचमागे एक गोल. आता नुसते आकडे बघून टीम निवडणारा कोणी असता तर याला दुसऱ्या सीझनलाच घरी पाठवला असता. पण नॅशव्हिल, कोलोराडो, फ्लोरिडा, डॅलस अशा चार क्लबांनी मिळून याला वर्षानुवर्षं ठेवून घेतला आणि कुठेतरी भरती म्हणून नाही, रोजच्या खेळात. कशासाठी? कारण तो असला की समोरच्याचे गोल कमी व्हायचे आणि ती गोष्ट त्याच्या नावापुढे कुठे लिहून येत नाही. माझं ठाम मत आहे की खेळाबद्दल बोलताना आपण जे मोजता येतं त्यालाच मोठं मानत बसतो आणि त्यात अशी माणसं कायमची मागे पडतात.

त्याची एनएचएलमधली सुरुवातसुद्धा बघा. १९९८ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे क्लब दर वर्षी पाळीपाळीने नवे खेळाडू निवडतात त्यात, नॅशव्हिलने त्याला निवडलं ते २३० व्या नंबरला, नवव्या फेरीत. आत्ताचा ड्राफ्ट सातच फेऱ्यांचा असतो, ३२ टीम, म्हणजे २२४ नावं, संपला विषय. आजच्या नियमाने हा माणूस निवडलाच गेला नसता! त्यात त्याचं वय तेव्हा २४ ला आलेलं, जेव्हा बाकीची पोरं अठराव्या वर्षी निवडली जातात. त्याआधी तो रिगाला खेळला, मग फिनलंडमध्ये तुर्कूच्या टीपीएस क्लबकडून तीन सीझन खेळला, आणि माझ्या मते तो खरा डिफेन्समन तिथे झाला, कारण फिनलंडमध्ये डिफेन्स शिकवतात तसा फार कमी ठिकाणी शिकवतात.

आता त्याच्या रेकॉर्डबद्दल. फेब्रुवारी २००० पासून फेब्रुवारी २००७ पर्यंत त्याने एनएचएलच्या सलग ४९५ मॅच खेळल्या, मध्ये लॉकआउटचं, म्हणजे मालक-खेळाडूंच्या वादात लीगच बंद राहिल्याचं, आख्खं एक वर्ष गेलं ते सोडून, तेव्हा तो घरी जाऊन रिगाच्याच क्लबकडून खेळत होता. सीझनला ८२ मॅच असतात, आज एका शहरात तर परवा दुसऱ्या, आणि काम काय तर शॉटच्या आडवं पडायचं. ८ फेब्रुवारी २००७ ला त्याने टिम हॉर्टनचा ४८६ मॅचचा डिफेन्समनचा रेकॉर्ड मोडला, जो १९६८ पासून तसाच होता. हो, तोच टिम हॉर्टन, ज्याच्या नावाची कॉफीची दुकानं कॅनडाभर आहेत आणि जिथे टोरंटो-ब्रॅम्प्टनला शिकायला गेलेली आपली कितीतरी मराठी मुलं पार्टटाइम काम करतात. त्या मुलांपैकी कोणी हे वाचत असेल तर सांगते, तुमच्या टोपीवर ज्याचं नाव आहे तो पन्नास-साठ वर्षांपूर्वीचा डिफेन्समन होता आणि त्याचा रेकॉर्ड रिगाच्या एका माणसाने मोडला.

रेकॉर्ड मोडल्यावर जेमतेम दोन-अडीच आठवड्यांत गुडघ्याच्या दुखापतीने ती मालिका थांबली.

यावर एक आक्षेप नेहमी घेतला जातो आणि तो चुकीचा नाही. असं सलग खेळणं म्हणजे दुखणं लपवणं, शरीराची हेळसांड, आणि तरुण पोरांसमोर ते आदर्श म्हणून ठेवू नये, असं म्हणतात. डोक्याला मार लागलेला असताना खेळणाऱ्यांचे पुढे काय हाल झाले ते आता सगळ्यांना माहिती आहे, त्यामुळे त्या बाबतीत मी शंभर टक्के त्यांच्या बाजूने आहे. पण स्क्रास्तिन्शच्या बाबतीत मला दिसतं ते वेगळं. जुन्या मॅचेस बघा, तो उगाच अंगावर धावून जात नाही, भलत्या ठिकाणी सापडत नाही, समोरच्याला बोर्डाच्या, म्हणजे कडेच्या भिंतीच्या, बाजूला ढकलत नेतो आणि त्याचा शॉटचा कोनच मारून टाकतो. मार टाळण्याची ती अक्कल आहे. सात वर्षं नशिबाने कोणी टिकत नाही, जागा कळते म्हणून टिकतं.

पण मला तो जास्त भावतो तो देशाच्या जर्सीत. लातविया १९९१ ला स्वतंत्र झाला, तेव्हा वर्ल्ड चॅम्पियनशिपच्या वरच्या गटातली सोव्हिएत संघाची जागा रशियाला मिळाली आणि लातविया, युक्रेन वगैरेंना सांगितलं की तुम्ही तळापासून, सी गटातून या. वास्तविक लातविया १९३१ पासून आंतरराष्ट्रीय आईस हॉकी महासंघात होता आणि शेजारचा एस्टोनिया १९३५ पासून, मग १९४० ला दोन्ही देश सोव्हिएत रशियाने गिळले आणि त्यांची टीमच नकाशावरून गेली. पन्नास वर्षांनी परत आले तर शून्यातून सुरुवात. लातविया १९९३ ला सी गट जिंकला, १९९६ ला बी गट जिंकला आणि १९९७ पासून वर जाऊन बसला तो आजतागायत. हा जो वर चढणारा काळ आहे ना, ती स्क्रास्तिन्शची पिढी. आणि २००० साली तर यांनी सेंट पीटर्सबर्गमध्ये, रशियाच्याच घरात, रशियाला ३-२ ने हरवलं, गोलमध्ये आर्तुर्स इर्बे! ज्या देशाने पन्नास वर्षं दुसऱ्याच्या झेंड्याखाली काढली त्या देशात त्या रात्री काय झालं असेल, कल्पना करा.

छोट्या देशाचा खेळाडू असण्याचे हाल मोठ्या देशांना कळत नाहीत. २००२ च्या सॉल्ट लेक सिटी ऑलिम्पिकचंच घ्या. कॅनडा, अमेरिका, रशिया वगैरे सहा देश थेट मुख्य फेरीत, बाकी आठ जणांनी आधी आपापसात खेळायचं, आणि ती सुरुवातीची फेरी चालू असताना एनएचएल बंदच नव्हती! म्हणजे लातविया किंवा स्लोव्हाकियाच्या खेळाडूने क्लब सांभाळायचा की देश? लातविया-स्लोव्हाकिया ६-६ सुटली, दोघंही बाहेर गेले, आणि तोच स्लोव्हाकिया तीन महिन्यांत वर्ल्ड चॅम्पियन झाला. हा सरळसरळ अन्याय होता, दुसरा शब्द नाही. तरी स्क्रास्तिन्श पुढे २००६ ला तुरिनला होता, जिथे लातवियाने अमेरिकेला ३-३ असं रोखलं, आणि २०१० ला व्हँकुव्हरला टीमचा कॅप्टन. तिथे चेक रिपब्लिकसारख्या टीमला त्यांनी ओव्हरटाइमपर्यंत खेचलं, मग ३-२ ने हरले.

एस्टोनियाचं नाव मुद्दाम घेतलं, कारण तिथे हीच कथा आणखी खडतर आहे. १३ लाखांचा देश, टीम खालच्या डिव्हिजनमध्ये वर-खाली होत असते, टाल्लिन, नार्व्हा, कोह्तला-यार्वे अशी मोजकी हॉकीची गावं, आणि तरी तिथले डिफेन्समन बाहेरच्या देशांत क्लब हॉकी खेळून दर वसंतात जर्सी घालायला परत येतात, दहा-दहा पंधरा-पंधरा वर्षं. टीव्ही नाही, पैसा नाही. स्क्रास्तिन्शला निदान एनएचएल तरी मिळाली.

आता अपघात. २०११ च्या उन्हाळ्यात तो डॅलस सोडून रशियातल्या यारोस्लाव्हलच्या लोकोमोटिव्ह क्लबकडे गेला. सीझनची पहिली मॅच मिन्स्कला होती, टीमचं याक-४२ विमान धावपट्टीवरून नीट उचललंच नाही, पुढच्या खांबाला धडकून व्होल्गाच्या काठी कोसळलं. ४५ जणांतला एकच जण वाचला. चौकशीत निघालं की टेकऑफ चालू असताना वैमानिकांपैकी कोणाचा तरी पाय ब्रेकवर होता आणि या जातीच्या विमानाचं प्रशिक्षणच नीट झालेलं नव्हतं. निव्वळ हलगर्जीपणा! अजून राग येतो. स्क्रास्तिन्श ३७ चा होता. त्याच विमानात बेलारूसचा रुस्लान सालेई होता, तोही डिफेन्समन, एनएचएलच्या ९१७ मॅच खेळलेला. फेब्रुवारी २००८ मध्ये कोलोराडोने स्क्रास्तिन्शला फ्लोरिडाला देऊन बदल्यात घेतलेला खेळाडू म्हणजे हाच सालेई. एकाच्या जागी दुसरा गेला होता, आणि साडेतीन वर्षांनी दोघं एकाच क्लबात, एकाच विमानात.

फ्लोरिडाला त्याच्यासोबत डिफेन्सला कोण होतं माहितीये? जे बाऊमीस्टर, ज्याने पुढे स्क्रास्तिन्शचाच रेकॉर्ड मोडून सलग ७३७ पर्यंत नेला. त्यानंतर कीथ यँडलने ९८९ केल्या. त्यामुळे आता यादीत स्क्रास्तिन्शचं नाव खाली गेलंय, आणि रेकॉर्डच्या गप्पा निघाल्या की ते घेतलंही जात नाही.

२०२३ ला लातवियाने वर्ल्ड चॅम्पियनशिपचं पहिलंवहिलं पदक मिळवलं, ब्राँझ, अमेरिकेला ओव्हरटाइममध्ये ४-३ ने हरवून. बरोबरीचा गोल आणि ओव्हरटाइमचा गोल, दोन्ही क्रिस्तियान्स रुबिन्सने मारले, आणि रुबिन्स डिफेन्समन आहे! त्या रात्री मध्यरात्रीच्या सुमाराला लातवियाची संसद भरली आणि दुसऱ्या दिवशी देशभर सुट्टी जाहीर झाली. मी ती मॅच बघितली तेव्हा गोल झाल्यावर रुबिन्सला सगळे बिलगत होते ते पाहून माझ्या डोक्यात आधी स्क्रास्तिन्शच आला. यूट्यूबवर त्याचे गोल शोधू नका, फार सापडणार नाहीत. कोलोराडोच्या २००६-०७ च्या मॅच शोधा, आणि टीम एक गडी कमी असताना मागे उभा राहिलेला तो लेफ्ट हँडेड उंच माणूस बघा.