सुबुताई: सेनापती मोठा, पण माणूस?

"हॅनिबल म्हणा, नेपोलियन म्हणा, सुबुताईच्या पासंगाला कुणी पुरत नाही," नंदू म्हणाला आणि कट्टा पेटला.

"चंगीज खानाचा सेनापती तो. लोहाराचा पोरगा, ना राजघराणं, ना वशिला. जेबे या दुसऱ्या मंगोल सेनापतीच्या जोडीनं तो कॉकेशस पर्वत ओलांडून रशियाच्या गवताळ पट्ट्यात उतरला. आठवडाभर पळाल्याचं सोंग केलं. मागे लागलेली रशियन फौज पांगली आणि 1223 मध्ये कालका नदीवर यांनी उलटून तिचा फडशा पाडला."

"पण पुढची युरोपची मोहीम चंगीजच्या नातवाची, बातू खानाची होती ना? मग श्रेय याला का?" मन्या हटेना.

"मोहीची लढाई बघ. 11 एप्रिल 1241. हंगेरीचा राजा बेला शायो नदीकाठी तळ ठोकून बसलाय. बातू पुलावर झुंजतोय, आणि सुबुताई खालच्या अंगाला दुसरा पूल बांधून शत्रूच्या पिछाडीला येतोय. दोनच दिवस आधी तिकडे पोलंडमध्ये, लेग्नित्साला, मंगोलांच्या दुसऱ्या तुकडीनं सायलेशियाच्या ड्यूक हेन्रीला संपवलेलं! मधे शेकडो किलोमीटर, निरोप घोड्यावरून. माणसं फार पडली म्हणून बातू मागे फिरायला निघाला, तेव्हा साठी ओलांडलेल्या सुबुताईनं सुनावलं, तुम्हाला जायचं तर जा, मी डॅन्यूब गाठल्याशिवाय वळणार नाही."

मलाही हे ऐकताना थरारून येतं. इतक्या लांबवर इतकं अचूक गणित बसवणारं डोकं क्वचितच जन्मतं.

निशा इतका वेळ गप्प होती. "आणि कायफेंग?"

नंदू थबकला. 1233 मध्ये चीनमधली ती जिन साम्राज्याची राजधानी मंगोलांच्या हाती पडली. तिनं बराच काळ प्रतिकार केला, म्हणून सगळ्यांची कत्तल करावी, असं सुबुताईचं म्हणणं होतं.

"तो काळच तसा होता," मन्यानं बाजू सावरली.

"येलू छुत्साय त्याच काळातला. सुबुताई ज्याचा सेनापती होता, त्याच ओगदेई खानाच्या, चंगीजच्या मुलाच्या, दरबारातला सल्लागार. त्यानंच खानाला अडवलं आणि शहर वाचलं."

हे मला पूर्ण पटलं. काळाची ढाल पुढे करायची, तर त्याच काळात नको म्हणणाऱ्या माणसाचं काय करायचं? सुबुताईची बुद्धी मान्य, पण त्या बुद्धीनं काय मागितलं तेही त्याच पानावर लिहायला हवं.

"छुत्सायनं दया नव्हती दाखवली," नंदू पुन्हा सरसावला. "कारागीर आणि संपत्ती हातची जाईल, असा हिशेब मांडला."

"खानाला जे कळेल तेच सांगितलं त्यानं," निशा म्हणाली. "माणसं जगली ना?"