पाडव्याच्या रात्रीचं 'यान' अन् आपली आठवण

गावच्या ग्रुपवर तो मेसेज परत फिरून रायला. म्हणे २ एप्रिल २०२२ ले, पाडव्याच्या संध्याकाळी आभाळातून गेलं ते परग्रहाचं यानच होतं, खिडक्या दिसत होत्या, घरघर आवाज होता, सरकारनं दाबलं, अन् शेवटी, "डोळ्यानं पाह्यलेलं माणूस विसरन का? इतके लोक खोटं बोलतीन का?"

दाबलं वगैरे सोडा. चंद्रपूर जिल्ह्यात सिंदेवाहीजवळ लाडबोरीले पडलेलं तीनेक मीटरचं धातूचं कडं पेपरात फोटोसकट आलं. जळत गेला तो फेब्रुवारी २०२१ मध्ये उडालेल्या चिनी लाँग मार्च रॉकेटचा टप्पा.

खिडक्यांचं मात्र मजेदार हाय. रॉकेट तुटलं का तुकडे एका रांगेत जळत जातात, मधात काळं आभाळ, अन् आपलं डोकं त्या ठिपक्यांभोवती स्वतःच एक काळं विमान काढून टाकते. ३ मार्च १९६८ ले अमेरिकेवर रशियाच्या झोंड-४ यानाच्या रॉकेटचे तुकडे असेच जळत गेले, तं तिकडच्या लोकांनी उजेडाच्या खिडक्या सांगितल्या, एकानं तं पत्र्याचे रिवेटपण. ते काय आपला ग्रुप वाचून आल्ते?

आता आवाज. हे माझ्यावरच काढतो, कारण मले पण घरघर पक्की आठवते. मी गच्चीवर, हातात पुरणपोळीचं ताट, बाजूले बाबा, आवाज डोक्यावरून गेला, कोर्टात शपथ घेतली असती. परवा जुन्या मोबाइलमधला व्हिडिओ सापडला. मी गल्लीत उभा, बाबा कुठंच नाही, चुलतभाऊ "अबे विमान जळून रायलं बे" वरडते, गोठ्यातलं वासरू हंबरते, अन् आभाळातून? काहीच नाही. तो आवाज बहुतेक दुसऱ्या दिवशी पानठेल्यावर डोक्यात घुसला, तिथं जो तो विचारे "आवाज केवढा होता ना?", होता का हे कोणी विचारलंच नाही. मानसशास्त्रज्ञ एलिझाबेथ लॉफ्टसनं १९७४ मध्ये हेच दाखवलं, अपघाताची फिल्म तीच, पण प्रश्नात गाड्या "जोरात आदळल्या" म्हटलं तं आठवड्यानं शंभरात ३२ जणांले फुटलेली काच आठवली, नुसतं "लागल्या" म्हटलं तं १४. फिल्ममध्ये काच फुटलीच नव्हती.

म्हणून खोटं कोणीच बोलत नाही हो, माझ्यासकट.

काकूले व्हिडिओ दाखवला. दोनदा पाह्यला, कानाले लावून ऐकला, अन् म्हणते, "आवाज मोबाइलात आला नसन."