‘थीफ’ हा कानांनी खेळायचा गेम आहे

स्टेल्थ गेमचा, म्हणजे लपतछपत खेळायच्या गेमचा, विषय निघाला की बोलणं हमखास सावलीवर येतं. ‘थीफ: द डार्क प्रोजेक्ट’बद्दलही लोक तेच सांगतात. स्क्रीनच्या तळाशी मधोमध लाइट जेम असतो, तो काळवंडला की तुम्ही कुणाला दिसत नाही, उजळला की संपलात. ते बरोबरच आहे. पण १९९८ साली लुकिंग ग्लास स्टुडिओजने केलेलं त्याहून मोठं काम आवाजाचं होतं असं माझं ठाम मत आहे, आणि पुढच्या बहुतेक गेम्सनी नेमकं तेच वाऱ्यावर सोडलं याचं मला मनापासून वाईट वाटतं.

ते काम कसं चालतं बघा. लेव्हल बांधताना डिझायनर प्रत्येक खोलीवर, बोळावर, जिन्यावर अदृश्य ठोकळे बसवतो आणि ते एकमेकांना जोडलेले असतात. आवाज त्या जोडणीतून फिरतो. त्यामुळे पलीकडच्या खोलीतल्या गार्डची पावलं भिंत भेदून येत नाहीत, दारातून वळसा घेऊन येतात. दार लावलं की दबतात. आणि हाच हिशेब गार्डच्या कानांनाही लागू आहे! तुम्ही कुठल्या फरशीवर किती जोरात चाललात, मध्ये दार उघडं होतं की बंद, यावर त्याला ऐकू येणार की नाही ते ठरतं.

पहिलंच खरं मिशन घ्या, लॉर्ड बॅफर्डची हवेली. पुढच्या दरवाजाकडे जायचंच नाही, विहिरीच्या खोलीतून पाण्यात उतरून तळघरात शिरायचं. वर आलात की पायाखाली गालिचा आणि फरशी आलटून पालटून येते. गालिच्यावर चालत गेलात तरी पाऊल वाजत नाही, फरशीवर तेच पाऊल पुढच्या वळणापर्यंत पोचतं. फरशीचा पट्टा लांब असेल तर शेवाळाचा बाण जमिनीत मारा, तेवढा भाग मऊ होतो. बाण संपले असतील तर हळू चालायचं बटण दाबून सरका, आणि गार्ड पाठ करून लांब जातोय हे त्याच्या पावलांवरून कळेपर्यंत थांबा. थांबणं हाच इथला अर्धा खेळ आहे.

नवे खेळाडू ठरलेल्या ठिकाणी मार खातात. एक म्हणजे तलवार उपसून फिरणं. हातात तलवार असली की जेम जास्त उजळतो, म्हणून ती म्यानातच राहू द्या. दुसरं, पाण्याचा बाण सगळ्या दिव्यांवर वाया घालवणं. मशाल विझते, विजेचा दिवा विझत नाही. तिसरं ब्लॅकजॅक. बटण दाबून तो दंडुका पूर्ण वर उचलायचा, मागून डोक्यावर सोडायचा, आणि गार्ड बेसावध असतानाच. त्याला संशय आला असेल तर अंधारात सरा, तो पुटपुटत आपल्या फेरीवर परत जाईपर्यंत कळ काढा. बेशुद्ध माणूस उचलून अंधारात नेऊन ठेवा, उजेडात राहिला तर दुसरा गार्ड तो बघणार आणि बोंब मारणार. दोरीचा बाण लाकडात रुततो, दगडावर मारलात तर फुकट.

अवघडातली अवघड पातळी, एक्स्पर्ट, निवडा असं मी पहिल्यांदा खेळणाऱ्यालाही सांगेन. तिथे माणूस मारायला परवानगी नाही, त्यामुळे ऐकण्यावाचून गत्यंतर उरत नाही.

कथाही त्याच जातीची आहे. गॅरेट, म्हणजे तुम्ही खेळता तो चोर, हा रस्त्यावरचा अनाथ पोरगा. कीपर नावाच्या गुप्त पंथातल्या एकाचा खिसा मारायला जातो, पकडला जातो, त्यांच्याकडेच तयार होतो आणि मग त्यांनाही सोडून जातो. व्हिक्टोरिया नावाची बाई त्याला एक काम देते, कॉन्स्टंटाइन नावाच्या श्रीमंताची तलवार चोरायचं. त्या घरात खोल्या वाकड्या होत जातात आणि हातातल्या नकाशावर बहुतेक जागा कोरीच असते. त्यातून पुढे ‘आय’ नावाच्या रत्नाचा सौदा येतो. त्या सौद्याची किंमत गॅरेट स्वतःच्या डोळ्याने चुकवतो.

खोट सांगायची तर भुताखेतांची मिशन्स जास्त झाली. ‘बोनहोर्ड’मधला भुलभुलैया कंटाळवाणा आहे. तलवारीने पाडलेला झोंबी थोड्या वेळाने उठतो, त्याला आग नाहीतर पवित्र पाण्याचे बाण लागतात. पवित्र पाण्याची बाटली ओतल्यावर बाणांचा गुण थोडाच वेळ टिकतो, तेव्हा आधी झोंबी गाठा, मग बाटली ओता. कॅथेड्रलमधले हॉन्ट, म्हणजे तिथली भुतं, मात्र आजही अंगावर काटा आणतात. ते दिसायच्या आधी त्यांची कुजबूज आणि साखळ्यांची खळखळ येते, आणि कुठल्या बाजूने येतेय हे नीट कळतं, म्हणून जास्त भीती वाटते.

‘थीफ २’ मार्च २००० मध्ये आला आणि मे महिन्यात स्टुडिओ बंद पडला. वारसा सांगताना ‘स्प्लिंटर सेल’ या गेम मालिकेचं नाव घेतलं जातं, ते योग्यच आहे. त्यातल्या २००५ च्या ‘केऑस थिअरी’ने तर तुमचा आवाज आणि भोवतालचा गोंगाट एकाच मीटरवर आणून दाखवला. त्यानंतर मात्र भिंतीपलीकडचं दाखवणाऱ्या नजरेची साथ पसरली. २००९ चा ‘बॅटमन: अर्कहॅम असायलम’, २०१२ चा ‘डिसऑनर्ड’, दोन्ही उत्तम गेम, पण बटण दाबलं की शत्रू भिंतीआडूनही उजळून दिसतात. मग कान कशाला द्यायचा? २०१४ मध्ये खुद्द ‘थीफ’च्या नव्या अवतारात ‘फोकस’ नावाची तशीच नजर आली. दोरीचे बाणही ठरवून दिलेल्या जागीच लागू लागले आणि गॅरेटला स्टीफन रसेलचा आवाजही उरला नाही. नाव तेवढं जुनं राहिलं.

आज खेळायचा असेल तर तीन जादा मिशन्स असलेला ‘थीफ गोल्ड’ घ्या आणि त्यावर टीफिक्स हा चाहत्यांनी बनवलेला दुरुस्ती-संच बसवा. २०१२ मध्ये बाहेर आलेला न्यूडार्क पॅच त्यातच येतो, त्यामुळे आजच्या विंडोजवर आणि रुंद स्क्रीनवर गेम नीट चालतो. ऑडिओच्या सेटिंगमध्ये थ्रीडी साउंड चालू करा, स्पीकर बंद ठेवा, हेडफोन लावा. गेम संपवलात की चाहत्यांनी २०२३ मध्ये फुकट दिलेली ‘द ब्लॅक परेड’ ही दहा मिशन्सची मोहीम घ्या. ती खेळण्याआधी मूळ गेम पूर्ण करा, कारण कुठल्या फरशीवर किती आवाज होतो हे तिथे कुणी शिकवत बसत नाही.