डायना टॉरासीची मुख्य नोकरी रशियात होती

फेब्रुवारी २०२५ मध्ये अमेरिकेच्या डायना टॉरासीने बास्केटबॉलमधून निवृत्ती जाहीर केली, तेव्हा माझ्या वाचनात आलेल्या बहुतेक गौरवलेखांनी तिच्या कारकिर्दीचा ताळेबंद एकाच पद्धतीने मांडला होता. फिनिक्स मर्क्युरी या एकाच संघाकडून वीस हंगाम, तीन विजेतेपदे, डब्ल्यूएनबीए या अमेरिकेतील महिलांच्या व्यावसायिक लीगच्या इतिहासातील सर्वाधिक म्हणजे १०,६४६ गुण, आणि २००४ ते २०२४ या काळात ऑलिंपिकची सलग सहा सुवर्णपदके. रशिया आणि तुर्कस्तानात तिने घालवलेले बारा हिवाळे मात्र ‘ती परदेशातही खेळली’ अशा एखाद्या ओळीत उरकले गेले. माझ्या मते हा ताळेबंदच उलटा लिहिलेला आहे. पोट कशावर भरत होते हा निकष लावला, तर टॉरासीची मुख्य नोकरी रशियात होती आणि अमेरिकेतला उन्हाळा हा तिचा जोडधंदा होता.

अमेरिकेत जन्मलेला पुरुष खेळाडू युरोपात किंवा चीनमध्ये खेळायला जातो, तेव्हा सहसा एनबीएचे, म्हणजे अमेरिकेतील पुरुषांच्या लीगचे, दार त्याच्यासाठी उघडलेले नसते किंवा नुकतेच बंद झालेले असते. महिलांच्या बाबतीत चित्र नेमके याच्या विरुद्ध होते. परदेशातून बोलावणे यायचे ते सर्वोत्तम खेळाडूंना, आणि त्या जायच्या त्यांच्या उमेदीच्या वर्षांत. १९९७ मध्ये सुरू झालेली डब्ल्यूएनबीए उन्हाळ्यात खेळली जाते, तर युरोपातील लीगचा हंगाम शरद ऋतूत सुरू होऊन वसंतात संपतो. त्यामुळे दोन्हीकडे खेळणे कागदावर शक्य होते. शरीराला विश्रांती कधी मिळणार, हा प्रश्न मात्र दोन्हीकडच्या वेळापत्रकांत कुठेच बसत नव्हता.

टॉरासी वाढली कॅलिफोर्नियातील चिनो या गावात. आई अर्जेंटिनाची, वडील इटलीत जन्मून अर्जेंटिनात वाढलेले, त्यामुळे कामासाठी देश बदलणे ही त्या घराला नवलाची गोष्ट नव्हती. कनेक्टिकट विद्यापीठाला सलग तीन राष्ट्रीय विजेतेपदे मिळवून दिल्यावर २००४ च्या ड्राफ्टमध्ये (लीगमधील संघ नवे खेळाडू क्रमाने निवडतात त्या प्रक्रियेत) तिची पहिल्या क्रमांकावर निवड झाली आणि पुढच्याच वर्षी ती मॉस्कोच्या दिनामो संघात दाखल झाली. तिथून ती गेली मॉस्कोच्या परिसरातील स्पार्टाक क्लबमध्ये, आणि तिच्या परदेशी कारकिर्दीचा सर्वांत विलक्षण भाग तिथेच घडला.

स्पार्टाकचा मालक शाब्ताई काल्मानोविच. सोव्हिएत लिथुआनियात जन्मलेला, इस्रायलमध्ये सोव्हिएत संघासाठी हेरगिरी केल्याबद्दल तुरुंगवास भोगलेला आणि नंतर मॉस्कोत धनाढ्य व्यावसायिक म्हणून वावरणारा हा गृहस्थ महिला बास्केटबॉलवर अक्षरशः पैसा उधळत असे. टॉरासी आणि तिची सहकारी स्यू बर्ड यांना त्याने मॉस्कोबाहेर पोहण्याच्या तलावासह एक प्रशस्त बंगला राहायला दिला होता, दिमतीला गाडी आणि चालक होता, आणि सामन्यांसाठी संघ खास विमानाने जात असे. याच खेळाडू उन्हाळ्यात मायदेशी परतल्या की नेहमीच्या प्रवासी विमानांत, साध्या वर्गाच्या आसनांत पाय दुमडून बसत. ऑगस्ट २०१८ मध्ये लास वेगास एसेस हा संघ विमानांच्या विलंबामुळे पंचवीस तासांहून अधिक काळ रखडत वॉशिंग्टनला पोहोचला. थकलेल्या खेळाडूंनी खेळण्यास नकार दिला आणि तो सामना त्यांच्या नावावर पराभव म्हणून नोंदवला गेला. जगातील सर्वांत श्रीमंत देशाच्या व्यावसायिक लीगची ही तऱ्हा होती.

नोव्हेंबर २००९ मध्ये मॉस्कोच्या रस्त्यावर, स्वतःच्या गाडीत असतानाच, काल्मानोविचची गोळ्या झाडून हत्या झाली. संघ विस्कटला नाही. त्याच हंगामाच्या अखेरीस स्पार्टाकने युरोलीग ही युरोपातील क्लबांची सर्वोच्च स्पर्धा सलग चौथ्यांदा जिंकली आणि त्या चारही विजेतेपदांत टॉरासी होती. तिच्या या वर्षांचे वर्णन करताना बंगला आणि तलाव यांवरच थांबणारे लेख मला अपुरे वाटतात. ज्याच्या लहरीवर आपला पगार अवलंबून आहे तो माणूस एका संध्याकाळी मारला जाऊ शकतो, हेही त्या नोकरीच्या अटींमध्येच मोडत होते.

तुर्कस्तानात तिला वेगळाच अनुभव आला. २०१० मध्ये ती इस्तंबूलच्या फेनरबाह्चे क्लबकडे गेली आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात मोडाफिनिल या उत्तेजकाच्या चाचणीत ती दोषी आढळल्याची बातमी आली. तिने आरोप ठामपणे नाकारला, तरी क्लबने करार संपवला. दोनच महिन्यांनी चाचणी करणाऱ्या प्रयोगशाळेने आपला अहवाल मागे घेतला आणि ती निर्दोष ठरली. पण हंगाम हातचा गेला तो गेलाच. पुढच्या वर्षी ती इस्तंबूलमध्येच, फेनरबाह्चेच्या कट्टर प्रतिस्पर्धी गलातासरायकडून खेळली, यात मला तिच्या स्वभावातील खोडकर ईर्ष्या दिसते. (हा माझा तर्क, करारामागचे तिचे कारण निव्वळ व्यावहारिकही असू शकेल.)

२०१२ पासून पाच हंगाम ती उरल पर्वतराजीतील येकातेरिनबुर्ग शहरात होती. यूएमएमसी या तिथल्या क्लबचे नावच मुळी तांबे आणि इतर धातूंचे उत्पादन करणाऱ्या उरल भागातील एका बलाढ्य कंपनीचे आहे. तिथे तिला एका हंगामाचे सुमारे १५ लाख डॉलर मिळत असल्याचे प्रसिद्ध झाले होते. त्याच काळात डब्ल्यूएनबीएतील कमाल पगार १ लाख १० हजार डॉलरच्याही आतच होता. फेब्रुवारी २०१५ मध्ये टॉरासीने चाहत्यांना पत्र लिहून कळवले, की त्या उन्हाळ्यात ती फिनिक्सकडून खेळणार नाही. येकातेरिनबुर्गच्या क्लबने तिला विश्रांती घेण्यासाठी पैसे देऊ केले होते, आणि काहीही न करण्याचे हे पैसे फिनिक्समध्ये घाम गाळून मिळणाऱ्या पगारापेक्षा अधिक होते. फिनिक्स तेव्हा गतविजेता संघ होता, हेही लक्षात घ्यावे.

तिने आपल्या माणसांना वाऱ्यावर सोडले, पैशापुढे मान तुकवली, अशी टीका तेव्हा झाली आणि आजही अधूनमधून होते. मला ही टीका अन्यायकारक वाटते, कारण निष्ठेची अपेक्षा करणाऱ्या लीगने तिच्या बाराही महिन्यांच्या श्रमांपैकी केवळ पाच महिन्यांचे मोल, तेही अपुरे, चुकते केले होते. पस्तिशीकडे झुकलेल्या खेळाडूने दोन मालकांपैकी एकाला रजेचा अर्ज द्यायचा असेल, तर तो कमी पगार देणाऱ्यालाच दिला जाणार. शरीराने पुढे आपले देणे वसूल केलेच: २०१९ मध्ये पाठीच्या शस्त्रक्रियेमुळे तिला जेमतेम सहा सामने खेळता आले. त्याच वर्षी एप्रिलमध्ये ब्रिॲना स्टुअर्ट ही आदल्या हंगामाची सर्वोत्तम खेळाडू हंगेरीतील शोप्रोन येथे युरोलीगच्या अंतिम सामन्यात रशियाच्या कुर्स्क संघाकडून खेळत असताना जायबंदी झाली, तिच्या टाचेची शीर तुटली, आणि तिचा अमेरिकेतला संपूर्ण हंगाम बुडाला.

येथे एक आक्षेप नेहमी घेतला जातो, आणि तो पोकळ नाही. रशियातला पैसा तिकीटविक्रीतून येत नव्हता. मालकांची हौस, शहराची प्रतिष्ठा आणि खाणींचा नफा यांवर तो उभा होता, त्यामुळे त्याला खेळाडूंचे ‘खरे मोल’ म्हणता येणार नाही, असा तो आक्षेप आहे. पहिला भाग मला मान्य आहे, निष्कर्ष नाही. डब्ल्यूएनबीएदेखील वर्षानुवर्षे एनबीएच्या आधारावर चालली. म्हणजे दोन्हीकडे कोणीतरी पदरमोड करतच होते, प्रश्न एवढाच होता की पदरमोड करणाऱ्याला या खेळाडूंची किंमत किती वाटत होती. या पैशाला दुसरीही एक बाजू होती आणि ती फेब्रुवारी २०२२ मध्ये जगाने पाहिली. येकातेरिनबुर्गच्याच संघात परतणारी अमेरिकी खेळाडू ब्रिटनी ग्राइनर मॉस्कोच्या विमानतळावर गांजाच्या तेलाच्या नळ्यांसह पकडली गेली, ऑगस्टमध्ये तिला नऊ वर्षांची शिक्षा झाली, आणि डिसेंबरात व्हिक्टर बूट या शस्त्रविक्रेत्याच्या बदल्यात तिची सुटका झाली. ती तिथे मुळात गेलीच कशाला, असे विचारणाऱ्यांना टॉरासीचे २०१५ मधले पत्र वाचायला द्यावे.

डब्ल्यूएनबीएला जाग आली, पण अर्धवट. लीग आणि खेळाडूंची संघटना यांच्यातील २०२० च्या सामूहिक करारात कमाल पगार २ लाख १५ हजार डॉलर झाला, प्रत्येक खेळाडूला हॉटेलात स्वतंत्र खोली आणि प्रसूतीच्या रजेत पूर्ण पगार मिळू लागला. त्याच करारात २०२३ पासून अशी अटही घातली गेली, की परदेशी हंगामामुळे उशिरा परतणाऱ्या खेळाडूंना दंड आणि पुढे निलंबन सोसावे लागेल. पगार परदेशाच्या बरोबरीला आणण्याआधीच परदेशाची वाट अडवण्याचा हा प्रकार मला आजही पटलेला नाही. मायदेशातच पुरेसा पैसा असेल, तर अशी सक्ती करावी लागत नाही आणि बाहेरचे खेळाडू आपण होऊन येतात. आपल्याकडे २०२३ मध्ये महिला प्रीमियर लीगच्या पहिल्याच लिलावात सांगलीच्या स्मृती मानधनाला ३.४० कोटी रुपये मिळाले, आणि त्याच स्पर्धेत ब्रेबॉर्न स्टेडियमवर दिल्लीकडून पाच बळी घेणारी टॅरा नॉरिस ही फिलाडेल्फियात जन्मलेली, अमेरिकेकडून खेळणारी क्रिकेटपटू होती.

संघांना खास विमाने मिळायला २०२४ साल उजाडावे लागले. जानेवारी २०२५ मध्ये स्टुअर्ट आणि नफीसा कॉलियर यांनी उभारलेली अनरायव्हल्ड ही हिवाळी लीग मायामीजवळ सुरू झाली. तिथला सरासरी पगार २ लाख डॉलरच्या वर आहे आणि पहिल्या खेपेच्या खेळाडूंना लीगच्या मालकीत हिस्साही मिळाला आहे. टॉरासीची निवृत्ती आली ती त्याच्या पुढच्याच महिन्यात. त्याच वर्षी उन्हाळ्यात इंडियानापोलिसला झालेल्या ऑल-स्टार, म्हणजे लीगमधील निवडक खेळाडूंच्या, सामन्याआधी खेळाडू ‘आमचे देणे चुकते करा’ अशा अर्थाचे शर्ट घालून मैदानात उतरल्या, तेव्हा अनेकांना तो उद्धटपणा वाटला. मला तर ती मागणी निदान दहा वर्षे उशिरा आलेली वाटली.