‘परदेशी गेली म्हणून वाचली’ : आशियाई कलेविषयीच्या एका दाव्याचा प्रतिवाद

आशियातील एखादी प्राचीन मूर्ती मायदेशी परत आल्याची बातमी आली, की तिच्यापाठोपाठ एक मजकूर हमखास फिरू लागतो. त्यातला दावा थोडक्यात असा : पाश्चात्त्य संग्राहकांनी ही कला वेळीच नेली म्हणून ती वाचली, आशियातल्या लोकांना तिची कदर नव्हती आणि ती सांभाळण्याची ऐपतही नव्हती, संग्रहालयांनी ती रीतसर पैसे मोजून घेतली, तिथे ती साऱ्या जगाला पाहता येते, आणि आता परत देण्याची सुरुवात झाली तर ती संग्रहालये ओस पडतील. या विधानांत तथ्याचा अंश आहे, म्हणूनच ती अनेकांना पटतात. पण एकेक वस्तू कुठून निघाली, कोणत्या हातांतून गेली आणि वाटेत तिचे काय झाले, याचा माग काढला की चित्र पालटते.

पहिले विधान सुरक्षिततेचे. चीनच्या शिंजियांगमधील तुर्फानजवळच्या बेझेक्लिक येथील बौद्ध लेण्यांत शेकडो वर्षे टिकलेली भित्तिचित्रे विसाव्या शतकाच्या आरंभी आल्बर्ट फॉन ल कॉक यांच्या जर्मन मोहिमेने करवतीने कापून बर्लिनला नेली. ही चित्रे जागेवर राहिली तर नष्ट होतील, असाच त्यांचा युक्तिवाद होता, आणि तिथल्या काही चित्रांची स्थानिकांकडून नासधूस झाली होती हेही खरे आहे. बर्लिनच्या संग्रहालयात त्यांतली सर्वांत मोठी चित्रे भिंतींत कायमची पक्की बसवण्यात आली. दुसऱ्या महायुद्धात बॉम्बवर्षाव सुरू झाला तेव्हा सुट्या वस्तू हलवता आल्या, परंतु भिंतीत बसवलेली ही चित्रे हलवता आली नाहीत आणि ती नष्ट झाली.

अजिंठ्याचा अनुभव आपल्या अधिक जवळचा आहे. ब्रिटिश लष्करी अधिकारी रॉबर्ट गिल यांनी वर्षानुवर्षे लेण्यांत बसून केलेल्या प्रतिकृती लंडनजवळच्या सिडनहॅम येथील क्रिस्टल पॅलेसमध्ये मांडल्या होत्या. १८६६ च्या आगीत त्यांतल्या बहुतेक जळाल्या. त्यानंतर जॉन ग्रिफिथ्स आणि मुंबईच्या कलाशाळेतील विद्यार्थ्यांनी पुन्हा प्रतिकृती केल्या, आणि त्यांतल्याही बऱ्याचशा १८८५ मध्ये साउथ केन्सिंग्टनच्या संग्रहालयाला लागलेल्या आगीत गेल्या. मूळ चित्रे मात्र, झिजलेल्या आणि काळवंडलेल्या अवस्थेत का होईना, वाघोरा नदीच्या काठच्या त्या कड्यात आजही आहेत. आंध्रातील अमरावतीच्या स्तूपाच्या शिल्पपट्टांचा प्रवासही असाच बोलका आहे. ते लंडनला पोहोचले खरे, पण १८६७ मध्ये स्थापत्य-इतिहासकार जेम्स फर्ग्युसन यांना ते तिथल्या फाइफ हाउस या इमारतीच्या गाडीखान्यात पडलेले आढळले. आग, युद्ध आणि बेपर्वाई ही संकटे कोणत्याही खंडाची मक्तेदारी नाहीत. परदेशी गेलेल्या काही वस्तू वाचल्या, काही गेल्या. जागेवर राहिलेल्यांचेही तेच झाले. एवढ्या पुराव्यावर ‘नेली म्हणून वाचली’ असा सर्वसाधारण नियम काढता येत नाही.

दुसरे विधान कदर आणि ऐपत यांविषयीचे आहे, आणि ते सर्वांत अन्यायकारक आहे. जपानमधील नारा येथे सम्राट शोमू यांच्या निधनानंतर, ७५६ मध्ये, सम्राज्ञी कोम्यो यांनी त्यांच्या वस्तू तोदाइजी मंदिराच्या महाबुद्धाला अर्पण केल्या. शोसोइन नावाच्या लाकडी भांडारात त्या बाराशेहून अधिक वर्षे जपल्या गेल्या. संग्रहात आज सुमारे ९,००० वस्तू आहेत. चीनमध्ये १९३३ साली जपानी आक्रमणाच्या भीतीने पेकिंगच्या राजवाड्यातील संग्रह तेरा हजारांहून अधिक पेट्यांत भरून बाहेर काढण्यात आला. पुढची कित्येक वर्षे तो रेल्वेने, बोटीने आणि मालमोटारींतून देशभर हलवत राहावे लागले, आणि तो जवळजवळ शाबूत राहिला. काबूलच्या संग्रहालयातील कर्मचाऱ्यांनी उत्तर अफगाणिस्तानातील तिल्या तेपे येथे सापडलेले वीस हजारांहून अधिक सुवर्णालंकार यादवीच्या काळात मध्यवर्ती बँकेच्या तिजोरीत दडवले आणि तालिबानच्या राजवटीतही त्याविषयी अवाक्षर काढले नाही. २००३ नंतर ते पुन्हा जगासमोर आले. आशियाई माणसाने आशियातील दुसऱ्या देशाची कला आवडीने जमवल्याची उदाहरणेही आहेत. मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयातील चिनी आणि जपानी वस्तू प्रामुख्याने टाटा बंधूंच्या संग्रहातून आल्या आहेत.

या मुद्द्यावर कुणी अफगाणिस्तानातील बामियानचे नाव घेईल, आणि ते घेतलेच पाहिजे. २००१ मध्ये त्या दोन महाकाय बुद्धमूर्ती सुरुंग लावून उडवल्या गेल्या, ही भरून न येणारी हानी आहे. परंतु ५५ आणि ३८ मीटर उंचीच्या, कड्यातच कोरलेल्या त्या मूर्ती कोणताही संग्राहक नेऊ शकला नसता. याउलट, नव्वदच्या दशकात काबूल संग्रहालयातून ज्या लहान वस्तू लुटल्या गेल्या, त्या परदेशी बाजारात त्यांना गिऱ्हाईक होते म्हणूनच लुटल्या गेल्या. हा बाजार जितक्या वस्तूंना आश्रय देतो, तितक्यांच्या लुटीला आमंत्रणही देतो.

आता ‘रीतसर पैसे मोजून’ या विधानाकडे यावे. खरा वाद इथेच आहे. तमिळनाडूतील श्रीपुरंतान या गावच्या मंदिरातील चोळकालीन नटराज चोरीला गेला आणि २००८ मध्ये कॅनबेरा येथील नॅशनल गॅलरी ऑफ ऑस्ट्रेलियाने तो न्यूयॉर्कच्या सुभाष कपूर या विक्रेत्याकडून सुमारे ५० लाख डॉलरना विकत घेतला. व्यवहारात पावती होती, हमीपत्र होते आणि मूर्तीचा पूर्वेतिहास सांगणारी कागदपत्रेही होती. दिल्लीत नेमणुकीवर असलेल्या एका सुदानी राजनैतिक अधिकाऱ्याच्या पत्नीने ती विकत घेतली आणि १९७१ मध्येच ती भारताबाहेर गेली, असे त्यांत म्हटले होते. १९७१ हे साल सहज निवडलेले नव्हते. भारताचा पुराणवस्तू व कलानिधी कायदा १९७२ चा आहे, आणि वस्तू त्याआधीच बाहेर गेल्याचे दाखवले की ग्राहकाची शंका बरीच कमी होते.

ही सगळी रचना एका छायाचित्रामुळे कोसळली. पाँडिचेरी येथील फ्रेंच संस्थेने दक्षिण भारतातील मंदिरांचे जे छायाचित्र-दप्तर जमवले आहे, त्यात हाच नटराज १९९४ मध्ये श्रीपुरंतानच्या मंदिरात असल्याचे दिसत होते. जी मूर्ती १९७१ मध्ये देशाबाहेर गेली, ती १९९४ मध्ये गाभाऱ्याशेजारी उभी असू शकत नाही. २०१४ मध्ये मूर्ती भारतात परतली; कपूर यांना २०२२ मध्ये कुंभकोणमच्या न्यायालयाने दहा वर्षांची शिक्षा सुनावली. पैसे मोजले होते हे कुणीच नाकारत नाही. मात्र चोरीचा माल पैसे दिल्याने खरेदीदाराच्या मालकीचा होत नाही, हे तत्त्व इंग्लंड-अमेरिकेच्या कायद्यालाही मान्य आहे. तमिळनाडूतीलच पत्तूर येथील नटराजाच्या खटल्यात लंडनच्या अपील न्यायालयाने १९९१ मध्ये एका भग्न मंदिराचा हक्क किंमत मोजून मूर्ती घेणाऱ्या कंपनीच्या हक्कापेक्षा वरचढ मानला.

कंबोडियातील कोह केर येथील उदाहरणही इथे सविस्तर सांगण्याजोगे आहे. तिथल्या प्रासात चेन मंदिरात दहाव्या शतकातील शिल्पकारांनी भीम आणि दुर्योधन यांच्या गदायुद्धाचा प्रसंग नऊ स्वतंत्र मूर्तींतून उभा केला होता : मधोमध झुंजणारे दोघे, भोवती गुडघे टेकून बसलेले पांडव, शेजारी बलराम. सत्तरच्या दशकातील यादवीत लुटारूंनी उभ्या मूर्ती घोट्यापासून तोडल्या. पावले पीठावर तशीच राहिली आणि देह परदेशी गेले. दुर्योधन एका लिलावगृहाच्या विक्रीला आला, भीम कॅलिफोर्नियाच्या नॉर्टन सायमन संग्रहालयात पोहोचला आणि बसलेल्या दोन मूर्ती न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयाला १९८७ ते १९९२ या काळात तुकड्यातुकड्यांनी, म्हणजे मस्तके वेगळी आणि धडे वेगळी, भेट मिळाल्या. अभ्यासकांनी जागेवर उरलेल्या पावलांशी देहांचा मेळ घातला, तेव्हा कोणती मूर्ती कुठली याविषयी वाद राहिला नाही. २०१३ आणि २०१४ मध्ये यांतल्या पाच मूर्ती कंबोडियात परतल्या. ज्या वस्तूची पावले दुसऱ्या खंडात पीठावर शिल्लक आहेत तिला ‘वाचवलेली’ म्हणणे मला कोणत्याही अर्थाने शक्य वाटत नाही.

चौथे विधान साऱ्या जगाला पाहता येण्याचे. या संग्रहालयांनी आशियाई कलेच्या अभ्यासाला मोठा हातभार लावला, हे मी मनापासून मान्य करतो. बोस्टनच्या संग्रहालयात आनंद कुमारस्वामी यांनी १९१७ पासून केलेल्या कामामुळे राजपूत चित्रशैलीकडे जगाचे लक्ष गेले. त्याआधी तिथेच ओकाकुरा काकुझो यांनी जपानी संग्रहाची शिस्तशीर मांडणी केली होती. परंतु अभ्यासाची ही थोरवी चोरीच्या वस्तूंवर अवलंबून नव्हती. शिवाय ‘पाहता येते’ याला मर्यादा आहेत. ब्रिटिश म्युझियमच्या स्वतःच्या आकड्यांनुसार सुमारे ८० लाख वस्तूंपैकी ८० हजारांच्या आसपास वस्तू एका वेळी मांडलेल्या असतात, म्हणजे शंभरात एक. आणि जे मांडलेले असते त्यातूनही काही निसटते. चोळकालीन पंचलोह मूर्तींच्या पीठाला कड्या किंवा भोके असतात. त्यांतून दांडे ओवून उत्सवात देव खांद्यावर घेऊन फिरवत असत. मूर्ती वस्त्रांनी आणि दागिन्यांनी झाकलेली असे, तिला वाद्ये आणि गर्दी यांची साथ असे. काचेआड उभी केलेली उघडी धातुमूर्ती सुंदर दिसते, तथापि ती कशासाठी घडवली गेली हे पीठावरची ती भोके सांगतात, आणि फार थोड्या दालनांत पाहणाऱ्याचे लक्ष त्यांकडे वेधले जाते.

संग्रहालये ओस पडण्याची भीती तर आकड्यांपुढे टिकत नाही. मेट्रोपॉलिटनच्या आशियाई विभागात ३५ हजारांहून अधिक वस्तू आहेत. २०२३ च्या अखेरीस त्या संग्रहालयाने कंबोडिया आणि थायलंड यांना परत देण्याचे जाहीर केलेल्या मूर्ती सोळा होत्या. कोणत्याही जबाबदार सरकारने सरसकट सर्व काही परत मागितलेले नाही. मध्यम मार्गही जुनाच आहे : तमिळनाडूतील शिवपुरमचा नटराज अमेरिकी संग्राहक नॉर्टन सायमन यांच्याकडे असताना त्यांचा भारताशी समझोता झाला, त्यानुसार मूर्ती काही वर्षे तिथे प्रदर्शित राहिली आणि १९८६ मध्ये भारतात आली.

त्या फिरत्या मजकुरात नसलेला, पण त्यातल्या कुठल्याही मुद्द्यापेक्षा वजनदार असा एक आक्षेप मात्र शिल्लक राहतो. तमिळनाडूत परत आलेल्या अनेक मूर्ती त्यांच्या गावच्या मंदिरात न जाता मूर्ती-सुरक्षा केंद्रांत कुलूपबंद राहतात, कारण गावच्या देवळात पुन्हा चोरी होण्याची भीती असते. गावकऱ्यांच्या दृष्टीने देव परदेशातून सुटून सरकारी कुलपात गेला, असेच हे होते. हा आक्षेप खरा आहे आणि त्याचे उत्तर मूर्ती परदेशात ठेवून मिळणार नाही. श्रीपुरंतानच्या प्रकरणात एका छायाचित्राने आणि कोह केरला जागेवर उरलेल्या पावलांनी निकाल लावला. ज्या हजारो देवळांतल्या मूर्तींचे आज एकही नीट छायाचित्र नाही, तिथे असा पुरावा उद्या मिळणार नाही. म्हणून प्रत्येक मूर्तीची छायाचित्रे, मापे आणि पीठावरील खुणा नोंदवून ती नोंद खुली ठेवणे, देवळाला पहारा आणि भक्कम दार देणे, आणि मगच मूर्ती तिच्या जागी बसवणे हे काम इथल्या पुरातत्त्व आणि देवस्थान खात्यांचे आहे. तर १९७० नंतर, म्हणजे सांस्कृतिक वस्तूंच्या चोरट्या व्यापाराविरुद्धच्या युनेस्को कराराच्या वर्षानंतर, घेतलेल्या प्रत्येक वस्तूच्या मालकीची साखळी, तिच्यातल्या रिकाम्या जागांसह, जाहीर करणे हे तिथल्या संग्रहालयांचे.