पैसे भरेल तो सुटेल

अपहरणाचा सिनेमा म्हटला की आपल्याकडे सगळं ठरलेलं असतं. खंडणीचा फोन, नोटांची बॅग, शेवटी पोलिसांच्या गाड्या. ब्रिलान्ते मेंडोझा या फिलिपिनो दिग्दर्शकाच्या 'कॅप्टिव्ह'मध्ये (२०१२) यातलं फारसं काही नाही, म्हणून तो मला आवडतो. तक्रारही आहे, ती पुढे सांगते.

घटना खरी. २७ मे २००१ ला अबू सय्याफ या फिलिपिन्समधल्या कट्टर इस्लामी बंडखोर गटाच्या बंदूकधाऱ्यांनी तिथल्याच पालावान प्रांतातल्या डोस पाल्मास रिसॉर्टमधून वीस माणसं उचलली आणि समुद्रमार्गे बासिलान बेटावर नेली. पुढे जंगलात चालला तो उघड व्यवहार. घरच्यांनी पैसे भरले तो सुटला, बाकीचे चालत राहिले. काहींचा शिरच्छेद झाला.

मेंडोझाने शूटिंग कथेच्या क्रमाने केलं. निर्मात्याला घाम फोडणारा हट्ट! एरवी एका जागेवरचे सगळे सीन एकदम उरकतात. ओलीस आणि अपहरणकर्ते झालेल्या नटांची त्याने आधी गाठही पडू दिली नव्हती. ओलीस झालेल्या फ्रेंच अभिनेत्री इझाबेल ह्युपेरने अपहरणकर्त्यांच्या नटांना पहिल्यांदा पाहिलं ते थेट अपहरणाच्या सीनला. या युक्तीचं कौतुक बरंच होतं. मला क्रमाचा फायदा जास्त मोलाचा वाटतो. एकेक ओलीस सुटून जातो तसा घोळका विरळ होतो, आणि उरलेल्यांची बंदूकवाल्यांशी नकळत वाढणारी सलगी खरी वाटते.

आता तक्रार. ह्युपेरची फ्रेंच समाजसेविका काल्पनिक आहे. डोस पाल्मासच्या ओलिसांत फ्रेंच कुणी नव्हतंच. २००९ साली कान चित्रपट महोत्सवाच्या ज्युरीची अध्यक्ष ह्युपेर होती आणि त्याच वर्षी मेंडोझाला तिथे दिग्दर्शनाचं पारितोषिक मिळालं. फ्रान्सचा पैसा हवा, बर्लिन महोत्सवाच्या स्पर्धेत जायचं, तर असं नाव लागतं. कळतं हो. पण बासिलानवरच्या लामितान गावच्या दवाखान्यातून २ जूनला पळवलेली एक फिलिपिनो नर्स वर्षभर जंगलात होती आणि ७ जून २००२ च्या सुटकेच्या चकमकीत मारली गेली. बाई सुट्टीवर आलेली नव्हती, ड्यूटीवर होती! गोष्ट तिची व्हायला हवी होती.

तो दवाखाना लष्कराने वेढलेला असताना अबू सय्याफवाले मागच्या बाजूने निसटले. पैसे घेऊन वाट मोकळी केली, असे आरोप झाले, सिनेटपर्यंत चौकशी गेली. नर्सच्या बाजूने सिनेमा लिहिला असता तर हा प्रश्न टाळताच आला नसता. परदेशी पाहुणीला लष्कर आणि बंडखोर सारखेच परके. ती कुणाला काय जाब विचारणार?

अर्थात त्या नर्सच्या सिनेमाला पॅरिसहून कुणी पैसे लावले असते का, तेही सांगा.